हवालदार ते नाम्या

आमच्या घरी दादा कोंडके हे नाव जेवणाच्या पंगतीत घ्यायचे नाही, असा अलिखित नियम होता. वडील मराठी शाळेत गुरुजी. देवल आणि गडकरी त्यांना तोंडपाठ. वाचनालयाच्या वार्षिक नाटकात ते पडद्यामागे पुस्तक घेऊन उभे राहत आणि नट चुकला तर हळूच वाक्य सांगण्याऐवजी चिडून मोठ्याने सांगत. ते पहिल्या चार रांगांना ऐकू जाई. उलट माझा मामा तंबाखूच्या वखारीत कामाला. शुद्ध मराठी, अशुद्ध मराठी आणि कन्नड या तिन्ही भाषा तो एकाच वाक्यात बोले. जत्रेत आलेल्या टुरिंग टॉकीजमध्ये त्याने मला ‘सोंगाड्या’ दाखवला तेव्हा मी पाचवीत होतो. चित्रपट निघून नऊ-दहा वर्षे झाली होती, प्रत झिजून पडद्यावर पाऊस पडत होता, तरी तंबू भरलेला होता.

आमच्या शेजारी एक कन्नड गडी बसला होता. तंबू हसला की तो मामाला कोपराने ढोसून ‘एन अंद?’ म्हणून विचारी. मामा त्याला कानडीत समजावून सांगे, तोवर पुढचा विनोद होऊन जाई. त्यामुळे तो माणूस अडीच तास एक विनोद मागे राहून हसत होता. सगळे गप्प असताना तो एकटा खो खो हसायचा, आणि त्याच्या हसण्याला सगळा तंबू पुन्हा हसायचा. घरी आल्यावर मला वडिलांचा मार बसला. मामाला बसला नाही, कारण तो आईचा थोरला भाऊ.

पुढे एम.ए.ला लोकनाट्य हा विषय घेतला तेव्हा एक गोष्ट कळली आणि मी वडिलांना विचारले. ज्या ‘विच्छा माझी पुरी करा’चा प्रयोग त्यांनी स्वतः कोल्हापूरला तिकीट काढून पाहिला होता आणि ज्याची ते उत्तम लोकनाट्य म्हणून मोठ्या तोंडाने स्तुती करीत, त्यातला हवालदार आणि ‘सोंगाड्या’तला नाम्या हा एकच माणूस. लेखकही एकच, वसंत सबनीस. मग एक साहित्य आणि दुसरा चावटपणा, असे कसे? वडील म्हणाले, ‘नाटकाला कोण बसले होते ते तू पाहिले नाहीस.’ ते विनोदाने म्हणाले की गंभीरपणे, हे मला त्यांच्या हयातीत ठरवता आले नाही. त्या उत्तराच्या मागे लागून दादांच्या पहिल्या दहा-पंधरा वर्षांविषयी जे वाचले, ऐकले आणि पाहिले, ते येथे मांडतो आहे.

कृष्णा कोंडके यांचा जन्म १९३२चा, मुंबईच्या नायगावातला. घराणे मूळचे भोर तालुक्यातल्या इंगवलीचे. गिरणीच्या भोंग्यावर उठणारी आणि सणावाराला गाव गाठणारी जी हजारो कुटुंबे घाटावरून आणि कोकणातून गिरणगावात आली, त्यांतलेच एक. गिरणगावाला आपण केवळ कामगार चळवळीचे ठाणे म्हणून ओळखतो. पण भजनी मंडळे, बँड, शाहिरी, गणेशोत्सवातले मेळे, दशावतार आणि तमाशाचे फड हे सारे त्या दीड-दोन मैलांत नांदत होते. घाटावरचा तमाशा आणि कोकणातला दशावतार एकाच चाळीच्या दोन टोकांना ऐकू यावा, असे ठिकाण दुसरे कुठे नसेल. पोरसवदा दादा तिथल्या दंगामस्तीत आणि सोडावॉटरच्या बाटल्यांच्या मारामाऱ्यांत पुढे असत, हे त्यांनीच सांगून ठेवले आहे. पुढे ते बँडमध्ये वाजवू लागले. पोटासाठी ‘अपना बाजार’मध्ये महिना ६० रुपयांची नोकरी होती. याच काळात थोड्या अवधीत घरातली अनेक जवळची माणसे गेली. दादांनी पुढे सांगितले आहे की त्या धक्क्यानंतर ते बराच काळ कोणाशी बोललेही नव्हते, आणि त्यातून बाहेर पडताना लोकांना हसवायचे असे त्यांनी ठरवले. नटांच्या आठवणींत असे प्रसंग हमखास येतात आणि मी ते सहसा चिमटीत धरून वाचतो. पण दादांच्या नाम्याचा बावळट चेहरा मधेच एक क्षण रिकामा होतो, ते पाहिलेल्या माणसाला ही हकीकत खोटी वाटत नाही.

त्यांना रंगभूमीवर आणले ते सेवा दलाच्या कलापथकाने. राष्ट्र सेवा दलाचे हे कार्य आजच्या तरुण वाचकांना ठाऊक नसेल, म्हणून थोडे सविस्तर सांगतो. तमाशा हा खेड्यापाड्यांतला मोठा करमणुकीचा प्रकार, पण पांढरपेशांना वर्ज्य. स्वातंत्र्याच्या सुमारास मुंबई सरकारने अश्लीलतेच्या कारणावरून त्याच्यावर बंदीही घातली होती. नंतर अटी घालून, संहिता तपासून परवानगी देण्याची पद्धत आली. त्याच वेळी सेवा दलाच्या मंडळींनी तमाशाचा साचा तसाच ठेवून त्यात नवा आशय भरला. गण, गौळण, बतावणी आणि वग हा क्रम तोच, डफ-तुणतुणे तेच, मात्र विषय निवडणुकीचा, पुढाऱ्याचा, काळ्याबाजाराचा. पु. ल. देशपांडे यांनी या कलापथकासाठी ‘पुढारी पाहिजे’ लिहिले. निळू फुले आणि राम नगरकर हे याच तालमीतले. ‘लोकनाट्य’ हा सोवळा शब्द तेव्हाच रुळला. तमाशा म्हटले की नाक मुरडणारा माणूस लोकनाट्याला सहकुटुंब जाऊ लागला. माझे वडील त्यांतलेच.

सुधारलेल्या या तमाशात एक पात्र मात्र कोणाला सुधारता आले नाही, ते म्हणजे सोंगाड्या. गौळणीत तो पेंद्या होतो, वगात हवालदार, नोकर किंवा राजाचा खुशमस्कऱ्या होतो. पण काहीही झाला तरी त्याचे काम एकच, चाललेल्या गोष्टीत तोंड घालायचे. राजा गंभीरपणे हुकूम सोडतो, त्याचा शब्दशः अर्थ घेऊन सोंगाड्या त्या हुकमाचे भजे करतो. संहितेत त्याच्यासाठी चार ओळी असतात, तो चाळीस बोलतो. कवलापूरचे काळू-बाळू, ‘गाढवाचं लग्न’मधला सावळ्या कुंभार करणारे दादू इंदुरीकर ही यातली थोर माणसे. आपल्या सीमेपलीकडच्या यक्षगानातही हास्यगार असतोच. विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली सांगलीला ‘सीतास्वयंवर’ उभे केले, ते कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींचे खेळ पाहून. आणि भाव्यांच्या नाटकात पडदा वर गेला की सूत्रधाराच्या पाठोपाठ वेडेवाकडे नाचत विदूषक येई. तेव्हा हसवणाऱ्याची ही सोयरीक सीमाप्रश्नाच्या फार आधीची आहे.

कलापथकातून बाहेर पडून दादांनी स्वतःची मंडळी उभी केली. ‘खणखणपूरचा राजा’ हे त्यांचे सुरुवातीचे वगनाट्य. मग ते वसंत सबनीसांकडे गेले. सबनीस मूळचे सोलापूरचे, विनोदी लेखक म्हणून नाव झालेले. (पुढे १९८८च्या ‘अशी ही बनवाबनवी’चे संवाद त्यांनीच लिहिले, आज घराघरांत पाठ असलेली ती वाक्ये लिहिणारा लेखक कोण, हे मात्र शंभरात पाच जणांना सांगता येते.) त्यांचा ‘छपरी पलंगाचा वग’ हाच ‘विच्छा माझी पुरी करा’ या नावाने १९६५पासून दादांच्या मंडळींकडून रंगभूमीवर गाजू लागला. गोष्ट एवढीशी. राज्याचा कोतवाल मरतो. ती जागा आपल्याला मिळावी ही हवालदाराची इच्छा. पण प्रधान तिथे आपला मेहुणा चिकटवतो. मग हवालदार मैनावतीला हाताशी धरून कोतवालाला जाळ्यात ओढतो. ती कोतवालाकडे राजाचा छपरी पलंग मागते, आणि रक्षणाला नेमलेला कोतवालच चोरी करताना सापडतो. बढती डावलली गेलेल्या प्रत्येक कारकुनाला, शिक्षकाला आणि हवालदाराला ही गोष्ट आपली वाटली असल्यास नवल नाही. संस्थेत मेहुणा चिकटवणे म्हणजे काय, हे शाळा चालवणाऱ्या माणसाने वेगळे सांगायला नको.

सबनीसांचे कौशल्य असे की त्यांनी चौकट पक्की बांधली आणि आत मोकळी जागा ठेवली. त्या जागेत दादा दर प्रयोगाला नवे काही भरत. सकाळच्या वर्तमानपत्रातली बातमी रात्री हवालदाराच्या तोंडी येई. मंत्र्याचे भाषण, रेशनचा तांदूळ, पुढाऱ्यांची भांडणे, कशालाच मज्जाव नव्हता. जे गाव असेल तिथले काही उचलून घ्यावे, ही तमाशाची जुनी रीत. माझ्या वडिलांनी पाहिलेल्या प्रयोगात हवालदाराने पुढच्या रांगेतल्या एका उशिरा आलेल्या गृहस्थाला राजाच्या दरबारात ‘वेळेवर’ हजर झाल्याबद्दल मुजरा केला होता. ते गृहस्थ कोण, हे वडिलांनी मला फार वर्षांनी सांगितले. ते स्वतःच होते. एस.टी. चुकली होती.

महाराष्ट्रभर ‘विच्छा’चे दीड हजारांहून अधिक प्रयोग झाले. याचा अर्थ नीट समजून घ्यायला हवा. दीड हजार वेळा प्रेक्षकांसमोर उभे राहून कुठल्या शब्दाला माणूस कसा हसतो, शहरात कुठे थांबायचे, खेड्यात कुठे थांबायचे, बायका तोंडाला पदर लावून कधी हसतात आणि पदर सोडून कधी हसतात, याचा हिशेब या नटाच्या अंगात मुरला. चित्रपटसृष्टीत येणाऱ्या फार थोड्या विनोदी नटांना एवढी शिदोरी मिळाली असेल. त्यांचे पुढचे यश हा नशिबाचा खेळ होता असे म्हणणाऱ्यांनी एवढे प्रयोग मोजावेत.

मुंबईतल्या प्रयोगांना आशा भोसले येत, आणि त्यांनीच भालजी पेंढारकरांकडे दादांचे नाव काढले, असे सांगतात. भालजींनी ‘तांबडी माती’त त्यांना घेतले. १९६९चा हा चित्रपट. त्याला त्या वर्षीचा उत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. दादांच्या कारकिर्दीत मात्र ती पायरी लहान आहे. भालजींचा पडदा हा कुस्तीच्या, मातीच्या आणि इमानाच्या गोष्टींचा. तिथे सोंगाड्याला मधेच तोंड घालायला फारशी मुभा नव्हती. पण भालजींच्या सहवासात चित्रपट कसा बनतो ते त्यांनी जवळून पाहिले, आणि लगेच स्वतःच निर्माते होण्याचा धाडसी निर्णय घेतला. इतर विनोदी नट निर्मात्यांच्या दाराशी भूमिकांसाठी उभे असताना हा माणूस पहिल्याच फटक्याला घरचा मालक झाला. ‘स्वतंत्र’ हा शब्द मी त्यांच्यासाठी या अर्थाने वापरतो. पुढे चित्रपटात काय ठेवायचे, कोणाला घ्यायचे, सेन्सॉरशी किती भांडायचे, हे ठरवायला त्यांच्या डोक्यावर कोणी शेठ नव्हता.

‘सोंगाड्या’ १९७१ साली आला. कथा-संवाद सबनीसांचे, दिग्दर्शन गोविंद कुलकर्णी यांचे, संगीत राम कदम यांचे, नायिका उषा चव्हाण. रंगीत चित्रपटांचा जमाना सुरू झालेला असताना हा कृष्णधवल. नाम्या नावाचा भोळसट पोरगा, त्याची करारी आये (ती रत्नमालाबाईंनी अशी उभी केली की पुढे दादांच्या चित्रपटांत आये म्हणजे रत्नमालाबाईच), आणि तमाशातली कलावती. तमाशाच्या नादापायी आये त्याला घराबाहेर काढते आणि तो कलावतीच्या आश्रयाला जातो. ढगळ अर्धी चड्डी आणि तिची लोंबणारी नाडी हा दादांचा वेश याच चित्रपटातून महाराष्ट्राला ठाऊक झाला. पंचविशी ओलांडलेला, बाप्या म्हणावा असा माणूस पोराच्या वेशात वावरतो आणि पोराच्या निरागसपणाने बोलतो. विनोदाचे सारे इंगित या विसंगतीत आहे. बोलणाऱ्याच्या मनात पाप नाही. जे काही वावगे ऐकू येते ते ऐकणाऱ्याच्या कानात. सेन्सॉरपुढे दादांनी जन्मभर हाच युक्तिवाद केला आणि तो खोडून काढणे अवघड होते, कारण खोडणाऱ्याला आधी दुसरा अर्थ स्वतःच्या तोंडाने सांगावा लागे.

माझ्या मते ‘सोंगाड्या’ हा ‘विच्छा’चाच पुढचा भाग आहे. वगात सोंगाड्या हे पात्र होते. इथे तो माणूस आहे, त्याला आई आहे, घर आहे, आणि तमाशाला जाण्याची शिक्षा म्हणून घराबाहेर काढले जाणे आहे. पांढरपेशा समाजाने तमाशाला जे केले तेच आये नाम्याला करते. मजा अशी की त्या आयेवरही प्रेक्षकांनी तेवढेच प्रेम केले. माझ्या गुरुजी वडिलांनी हा चित्रपट पाहिला असता तर ते कोणाच्या बाजूने बसले असते, हे मी ओळखून आहे. मला मारून झाल्यावर त्यांनी दूधभाकरी स्वतः कुस्करून दिली होती. आयेने याहून वेगळे काय केले असते?

प्रदर्शनाच्या वेळची हकीकत प्रसिद्ध आहे, तरी सांगितली पाहिजे. दादरच्या ‘कोहिनूर’मध्ये चित्रपट लागायचे ठरलेले असताना ऐनवेळी चित्रगृहाने तो लावायचे नाकारले, कारण देव आनंदचा ‘तेरे मेरे सपने’ तिथे हवा होता. दादा बाळासाहेब ठाकरे यांच्याकडे गेले. शिवसैनिक चित्रगृहासमोर जमले, आणि ‘सोंगाड्या’ लागला. या प्रसंगाच्या राजकारणात मी शिरत नाही; सीमाभागातल्या वाचकांना त्या काळाच्या आठवणी निरनिराळ्या आहेत. पण मराठी माणसांच्या दादरमध्ये मराठी चित्रपटाला पडद्यासाठी रस्त्यावरची माणसे गोळा करावी लागली, ही गोष्ट आम्हा लोकांना चटकन समजते. दुकानावरची पाटी, शाळेची तुकडी, एस.टी.च्या फलकावरचे गावाचे नाव, अशा लहान लहान जागांसाठीचे हे भांडण आम्ही रोज पाहत वाढलो.

पुढचे धडाक्याचे आहे. १९७२ला ‘एकटा जीव सदाशिव’, १९७३ला ‘आंधळा मारतो डोळा’, आणि १९७५ला ‘पांडू हवालदार’, ज्यात दादांनी प्रथमच दिग्दर्शनही केले. चित्रपटामागून चित्रपट पंचवीस आठवडे चालत गेला. अशा नऊ रौप्यमहोत्सवी चित्रपटांची नोंद पुढे गिनेस बुकात झाली. ‘पांडू हवालदार’मध्ये त्यांनी अशोक सराफ नावाच्या तरुण नटाला दुसरा हवालदार, सखाराम, केले आणि प्रसंगी स्वतःपेक्षा त्याला वाव दिला. मालक-नटांत हा गुण दुर्मीळ. दहा वर्षांपूर्वी रंगमंचावर कोतवाली मागणारा हवालदार इथे मुंबईच्या रस्त्यावर उभा आहे, एवढाच फरक. १९७७ साली याच कथेवर गुजरातीत ‘चंदू जमादार’ निघाला.

याच ठिकाणी मी थांबतो, कारण नंतरचे दादा मला तेवढे आवडत नाहीत. ऐंशीनंतरच्या चित्रपटांत शब्द पुढे गेले आणि माणूस मागे राहिला. स्त्रिया केवळ विनोदाला हात देण्यासाठी उभ्या दिसतात. हिंदीत गेल्यावर तर नुसत्या शीर्षकांचीच चर्चा झाली. नाम्याच्या मागे जशी आये होती, तसे त्या विनोदांच्या मागे कोणी उरले नव्हते. दादा १४ मार्च १९९८ रोजी गेले, त्या संध्याकाळी वडिलांनी रेडिओवर बातमी ऐकली आणि जरा वेळाने म्हणाले, ‘हवालदार गेला.’ नाम्याचे नाव त्यांनी शेवटपर्यंत घेतले नाही.

काही वर्षांपूर्वी आमच्या शाळेच्या स्नेहसंमेलनात नववीच्या मुलांनी एक लहानसा वग बसवला. संहिता मीच लिहून दिली. अर्थात शाळेला साजेशी, ज्यात दुहेरी अर्थ होते पण दोन्ही सभ्य. व्यासपीठावरच्या एका प्रतिष्ठित पाहुण्यांनी वग हा प्रकार शाळेत शोभतो का, असा प्रश्न भाषणात उभा केला. त्याचे मला वाईट वाटले नाही, तो प्रश्न माझ्या ओळखीचा होता. वाईट वेगळ्याच गोष्टीचे वाटले. हवालदाराच्या कोट्यांना मागे बसलेले पालक हसत होते आणि पुढे बसलेली मुले शांत होती. मुले मराठी जाणतात, निबंध नीट लिहितात, मार्कही मिळवतात. पण एक शब्द दोन दिशांना ओढला की कुठे हसायचे, ते त्यांना कळत नव्हते. ती एकमेकांना हिंदीत, कन्नडमध्ये विचारत होती. एक मुलगी मागे वळून आजीला विचारी, आजी वाकून कानात सांगे, मग ती हसे. तोवर सगळे सभागृह गप्प झालेले असे. मला एकदम जत्रेतला तो तंबू आठवला.

दुसऱ्या दिवशी ती मुलगी माझ्या खोलीत आली आणि संहितेची वही मागू लागली. कशाला, म्हणून विचारले, तर म्हणाली, ‘सर, आजी म्हणाली की वाचून दाखव, मी कुठे हसायचं ते सांगते.’ वही अजून परत आलेली नाही.